आधी प्रक्षेपण, मग सॉफ्टवेअर

नकाशाशास्त्र शिकू पाहणारे बहुतेक जण पहिलेच पुस्तक क्यूजीआयएस या नकाशे बनवण्याच्या सॉफ्टवेअरचे घेतात. तसे करू नये, असे माझे स्पष्ट मत आहे. कोणते बटण कुठे आहे हे सांगणारी पुस्तके आवृत्ती बदलली की शिळी होतात, प्रक्षेपणाचे, म्हणजे गोल पृथ्वी सपाट कागदावर उतरवण्याचे, गणित मात्र तेच राहते. जॉन स्नायडर यांची नकाशा-प्रक्षेपणांवरील पुस्तिका अमेरिकी भूवैज्ञानिक सर्वेक्षण संस्थेने १९८७ साली प्रसिद्ध केली असून ती मोफत मिळते. सूत्रे पाहून दडपण येईल, परंतु पहिल्या वाचनात प्रत्येक प्रकरणातील वर्णनाचा भाग वाचला तरी पुरेसे आहे.

हा आग्रह अनुभवातून आला आहे. जुन्या टोपोशीटवरून (भूरूपदर्शक नकाशावरून) विहिरींच्या नोंदी घेताना मी सर्व अक्षांश-रेखांश डब्ल्यूजीएस ८४ चे, म्हणजे जीपीएस वापरते त्या संदर्भप्रणालीचे, समजून भरले. ती शीट एव्हरेस्ट १८३० या जुन्या संदर्भपृष्ठावर (अक्षांश-रेखांश मोजण्यासाठी मानलेल्या पृथ्वीच्या आकारावर) आधारलेली असल्याने विहिरी सरळ शेजाऱ्याच्या शेतात जाऊन बसल्या. पृथ्वीचे सहा-सहा अंशांचे उभे पट्टे पाडून स्थान मोजणाऱ्या यूटीएम पद्धतीचेही तसेच: ७८ अंश पूर्व रेखावृत्ताला पट्टा बदलतो, त्यामुळे अमरावती ४३व्या पट्ट्यात येते आणि नागपूर ४४व्या, आणि दोन्हीकडची माहिती एकत्र करताना नवखा माणूस हमखास फसतो.

त्यानंतर मार्क मॉन्मोनियर यांचे, नकाशे खोटे कसे बोलतात हे उलगडणारे १९९१ चे पुस्तक घ्यावे. माहितीसाठा व्यवस्थापनावरील जाडजूड ग्रंथ तूर्त ग्रंथालयातूनच आणलेले बरे. वाचताना आपल्या तालुक्याची १:५०,००० ची शीट शेजारी उघडी असू द्यावी. तिच्यावर एक सेंटिमीटर म्हणजे ५०० मीटर.