हाड जुळलं, पण वाकडं : 'ए' लावू की 'पी'?

प्रश्न : बी.एस्सी. करून आठ महिन्यांपूर्वी मी पुण्यात मेडिकल कोडिंगला (पेशंटच्या नोंदी वाचून आजाराचे आणि उपचाराचे कोड लावायच्या कामाला) लागले. आमच्याकडे अमेरिकेतल्या हाडांच्या ऑपरेशनचे चार्ट येतात. परवाच्या चार्टमधल्या पेशंटच्या उजव्या करंगळीच्या मेटाकार्पलचं (तळहातातल्या हाडाचं) नेक फ्रॅक्चर, म्हणजे हाडाच्या मानेशी फ्रॅक्चर, चार महिन्यांपूर्वी झालं होतं, तेव्हा प्लास्टर घातलं होतं. आता डॉक्टरांनी 'मालयुनियन' (हाड वाकडं जुळणं) लिहून ऑपरेशन केलं आणि प्लेट बसवली. ऑपरेशन म्हणजे अ‍ॅक्टिव्ह ट्रीटमेंट, म्हणून एस६२.३३६ला (या फ्रॅक्चरच्या कोडला) मी सातवं अक्षर 'ए' लावलं. ऑडिटरने ते 'पी' केलं, वर प्रोसिजर कोडही (ऑपरेशनचा कोड) चुकला म्हणाले. माझं काय चुकलं? – एक वाचक, कराड

उत्तर : ऑडिटरचं बरोबर आहे, दोन्ही ठिकाणी. तुम्ही नियमाचं पहिलं वाक्य पक्कं पाठ केलंत आणि तिथेच थांबलात. अ‍ॅक्टिव्ह ट्रीटमेंट चालू आहे तोवर 'ए', हे मूळ फ्रॅक्चरच्या उपचाराबद्दल आहे. त्याच भागात पुढे म्हटलंय, की मालयुनियन किंवा नॉनयुनियन (हाड न जुळणं) अशी गुंतागुंत असेल तर तिचं अक्षर लावायचं. तुमच्या एस६२मध्ये मालयुनियनला 'पी', नॉनयुनियनला 'के'. मग डॉक्टर नुसतं तपासून सोडोत की ऑपरेशन करोत.

प्रोसिजरला कुठला कोड लावलात ते लिहिलं नाहीत, पण मला अंदाज आहे : २६६१५. प्लेट दिसली की नव्या मुलांचं बोट तिकडेच जातं. तो कोड मोडलेलं हाड उघडून बसवण्याचा. तुमच्या पेशंटचं हाड तर जुळून बसलेलं, फक्त वाकडं. सर्जनने ते मुद्दाम पुन्हा कापलं, सरळ केलं आणि मग प्लेट लावली. ऑप नोटमध्ये (सर्जनच्या ऑपरेशनच्या नोंदीत) 'ऑस्टिऑटॉमी', म्हणजे हाड कापणं, हा शब्द शोधा, असणारच. मेटाकार्पलला २६५६५, बोटाच्या फॅलँक्सला (पेराच्या हाडाला) २६५६७.

मी शिकले तेव्हा आयसीडी-९ (आजारांच्या कोडच्या यादीची नववी आवृत्ती) होतं. मालयुनियनला एकच कोड, ७३३.८१, मांडी असो की करंगळी. १ ऑक्टोबर २०१५ला अमेरिकेत दहावी आवृत्ती लागू झाली आणि ते सुख संपलं. तुमची एखादी मैत्रीण इथल्या रुग्णालयाच्या रेकॉर्ड विभागात असेल तर ती एम८४.० म्हणेल. जागतिक आरोग्य संघटनेच्या आयसीडी-१०मध्ये तो कोड आहे, अमेरिकन आवृत्तीत नाही. तिच्याशी भांडू नका, दोघींची पुस्तकं वेगळी.

आता उलटी चूक करू नका. एक्स-रे रिपोर्टमध्ये नुसतं '३० अंश अँग्युलेशन' (हाडाचा बाक) दिसलं म्हणून 'पी' लावायचा नाही. करंगळीच्या मेटाकार्पलचा तळाचा सांधा हलता असतो, त्यामुळे मानेशी आलेला थोडा बाक तो सांभाळून घेतो. हाड पिळल्यासारखं फिरलं असेल तर मात्र मूठ मिटताना करंगळी अनामिकेवर चढते, आणि ते सहसा निभावत नाही. पण कुठल्या वाकडेपणाला मालयुनियन म्हणायचं हे डॉक्टरांनी ठरवायचं. त्यांनी लिहिलं नसेल तर त्यांना क्वेरी (लेखी विचारणा) पाठवा.

माझ्या आईचं मनगट वाई तालुक्यातल्या एका हाडवैद्याने बांबूच्या कामट्या बांधून बसवलं होतं. ते वाकडंच जुळलं. पोळ्या लाटताना तिचं कोपर बाहेर निघायचं आणि आम्हा मुलांना वाटायचं, लाटायची पद्धतच ती. त्या हातासाठी ती डॉक्टरकडे कधी गेली नाही. समजा अशी बाई चाळीस वर्षांनी पहिल्यांदाच अमेरिकेतल्या सर्जनकडे गेली, तर काय लावायचं? यावरून आमच्या टीममध्ये एकदा जेवणाचे डबे गार झाले होते. उशिरा उपचाराला आलेल्या पेशंटला 'ए' द्या असा नियम आहे खरा, पण त्या वाक्यात फ्रॅक्चर आणि नॉनयुनियन हे दोनच शब्द आहेत, मालयुनियन नाही. म्हणून मी 'पी'च म्हणते. माझ्या तेव्हाच्या टीम लीडला हे शेवटपर्यंत पटलं नाही.

सातव्या जागेवरच्या 'एस' या अक्षराचंही सांगून ठेवते, पुढचा गोंधळ तिथेच होतो. फ्रॅक्चरचा उपचार संपलाय, पण हात आखडलाय आणि पेशंट त्यासाठी आलाय, तर आधी आखडलेपणाचा एम२५.६४१, मागून एस६२.३३६एस. क्रम उलटला की एरर.

ऑडिटरला रिबटल (लेखी हरकत) पाठवू नका. गेल्या महिन्यातले प्लेट बसवलेले तुमचे सगळे चार्ट काढा आणि ऑप नोट पुन्हा वाचा. आणखी दोन-तीन ठिकाणी हेच झालं असेल असं मला वाटतं. ते ऑडिटमध्ये निघायच्या आत लीडला तुम्हीच दाखवा.