फ्रान्स-स्पेनविरुद्धच्या ट्रफाल्गरच्या समुद्री लढाईत ब्रिटिश सेनापती नेल्सन धारातीर्थी पडल्यावर ब्रिटिश आरमार कोणी सांभाळलं?

कथबर्ट कॉलिंगवुडने. न्यूकॅसलच्या व्यापाऱ्याचा हा मुलगा १७६१ मध्ये आरमारात शिरला, पण मोठा वशिला नसल्याने लेफ्टनंट व्हायला १७७५ उजाडलं. ट्रफाल्गरच्या दिवशी, २१ ऑक्टोबर १८०५ ला, त्याचं ‘रॉयल सॉव्हरिन’ हे जहाज सगळ्यांच्या आधी शत्रूच्या रांगेत घुसलं.

मला मात्र त्याची पुढची वर्षं जास्त थोर वाटतात. भूमध्य समुद्रातला ताफा, तिथलं राजकारण, पत्रव्यवहार, सगळं त्याच्याच अंगावर. तब्येत पार ढासळली, सुटी मागितली तरी मिळेना. १८०३ नंतर बायको-मुलींची भेटच नाही. अखेर परवानगी मिळाली आणि मार्च १८१० मध्ये घरी निघाल्यावर लगेच जहाजावरच तो गेला. (आधीच्या काळात सुटीत घरी असताना तो ओकच्या बिया पेरत फिरायचा, पुढच्या जहाजांना लाकूड मिळावं म्हणून.) नेल्सनइतकंच त्याचंही नाव घेतलं जायला हवं.