गाजर गवताला गवताचं औषध मारू नका

या आठवड्यातले निम्मे प्रश्न एकाच तणाचे, गाजर गवताचे म्हणजेच काँग्रेस गवताचे आहेत, म्हणून उत्तरं एकत्र देतो. पहिला प्रश्न आला तसा:

‘साहेब, सोयाबीन पस्तीस दिवसांचं झालं. काँग्रेस गवत लई माजलंय. दुकानदाराने गवताचं औषध म्हणून क्विझालोफॉप दिलं. मारून दहा-बारा दिवस झाले. बाकीचं गवत पिवळं पडलं, पण काँग्रेस हललं नाही. दुकानदार म्हणतो डबल मारा. मारू का?’

नका मारू. डबल काय, चौपट मारलंत तरी ते हलणार नाही, कारण ते गवतच नाही.

क्विझालोफॉप गवतवर्गीय झाडातलं चरबी तयार करणारं एक विकर, म्हणजे एन्झाइम, बंद पाडतं. रुंद पानांच्या झाडात त्या विकराची घडण वेगळी असते, त्यामुळे हे औषध त्याला लागतच नाही. तुमचं सोयाबीन या फवाऱ्यातून वाचलं ना? गाजर गवतही त्याच कारणाने वाचलं. दोन्ही रुंद पानांची. डोस वाढवला की खर्च वाढेल, सोयाबीनच्या पानांवर चट्टे येतील आणि गाजर गवत तुमच्याकडे बघत उभं राहील.

मग त्या शेतात करायचं काय? आता फवारायचं काही नाही. सोयाबीनमधली उगवणीनंतरची तणनाशकं पंधरा-वीस दिवसांच्या आसपास, तण दोन ते चार पानांवर असताना मारायची असतात. पस्तिसाव्या दिवशी तण गुडघ्याला आलेलं असतं आणि पीक फुलावर येत असतं. तेव्हा दुकानदार ‘हे नवीन आलंय, हे मारा’ म्हणून दुसरी बाटली काढेल. घेऊ नका. पाऊस होऊन गेला की जमीन ओली असतानाच माणसं लावा आणि मुळासकट उपटा. नुसतं कापलंत तर बुडातून चार फुटवे फुटतात आणि पंधरा दिवसांत पुन्हा फुलावर येतात. विळा घरी ठेवा.

दुसरा प्रश्न एका शिकणाऱ्या पोराचा. वडील काँग्रेस म्हणतात, आजी चटक चांदणी म्हणते, पुस्तकात गाजर गवत लिहिलंय. तर तण एकच की तीन, आणि काँग्रेस नाव का पडलं?

तण एकच. शास्त्रीय नाव पार्थेनियम हिस्टेरोफोरस. घराणं सूर्यफुलाचं, म्हणजे झेंडू-शेवंतीचा भाऊबंद. पान गाजराच्या पाल्यासारखं कातरलेलं म्हणून गाजर. फूल हातात घेऊन नीट बघ, भाताच्या शितापेक्षा मोठं नसतं आणि कडेला पाच इवल्या पांढऱ्या पाकळ्या असतात. आजीची चांदणी तिथून आली, आणि मला विचारशील तर तिन्हीत तेच नाव सगळ्यात नेमकं आहे. काँग्रेसबद्दल दोन गोष्टी सांगतात. एक, शेंड्यावरची पांढरी फुलं लांबून गांधी टोप्यांसारखी दिसतात. दुसरी, हे बी अमेरिकेच्या गव्हातून आलं आणि तो गहू तिथल्या काँग्रेसने, म्हणजे त्यांच्या संसदेने, धाडला होता. लोक ‘पीएल 480 च्या गव्हातून आलं’ असं ठासून सांगतात. पीएल 480 म्हणजे अमेरिकेचा धान्यमदतीचा कायदा. पण आपल्या देशाचा पीएल 480 चा करार ऑगस्ट 1956 चा आणि हे तण पुण्यात 1955 सालीच दिसलेलं. अमेरिकन धान्य त्याआधी, 1951 च्या कर्जातूनही येत होतं, तेव्हा धान्यातून आलं असणं अशक्य नाही. पण पीएल 480 चं नाव घेताना तारखा जुळत नाहीत एवढं लक्षात ठेव. काही म्हातारी माणसं तर बहात्तरच्या दुष्काळातल्या मिलोवर, म्हणजे तेव्हाच्या लाल ज्वारीवर, खापर फोडतात. तोवर ते गावोगाव पसरलं होतं.

नावाचा वाद पारावर खुशाल घाला, माझी हरकत नाही. पण दुकानात ‘गवताचं औषध द्या’ म्हणालात की घोटाळा तिथेच होतो. तुम्ही गवत म्हणता, तो गवतावरचं देतो, आणि पावती नसली की भांडायलाही जागा राहत नाही. गाजर गवत हे रुंद पानाचं तण. लव्हाळाही गवत नव्हे. दांडी बोटांत फिरवून बघा, तिधारी लागते. गवताची दांडी गोल किंवा चपटी असते, तिला पेरं असतात. हरळी आणि कुंदा ही खरी गवतं. तिघांची औषधं वेगळी. ओळखता येत नसेल तर दुकानात जाण्याआधी कृषी सहाय्यकाला फोटो पाठवा. झाड हातात घेऊन गावभर फिरू नका. फुलावर आलेलं असेल तर रस्ताभर बी सांडत जाल.

डोसचंही एकदा स्पष्ट करतो, कारण ‘पंपाला दोन टोपणं’ हे ऐकून कान किटले. लेबलवर मात्रा एकरी किंवा हेक्टरी असते, पंपाला नसते. एकरी 400 मिली लिहिलंय आणि तुम्हाला एकराला 15 लिटरचे 13 पंप लागतात, तर पंपाला 30 मिली येतं. दुकानदाराने 50 सांगितलं आणि तुम्ही 13 पंप मारले, तर एकरात 650 गेलं. त्याची बाटली लवकर संपली, तुमचं पीक भाजलं. आधी साधं पाणी घेऊन दहा गुंठे मारून बघा, तुमच्या चालीने किती पंप लागतात ते मोजा, मग हिशेब करा. टोपणाने मोजू नका. टोपण हे माप नाही.

तिसरा प्रश्न वाचून खरंच वाईट वाटलं. बांधावरच्या काँग्रेसला एका भावाने 2,4-डी मारलं. आठ दिवसांत शेजाऱ्याच्या कपाशीची शेंड्याची पानं भेंडीच्या पानासारखी चिरली, लांबुळकी झाली, आणि दोन घरांची बोलचाल बंद झाली. दुकानदाराने शेजाऱ्याला ‘व्हायरस आहे’ म्हणून टॉनिक आणि कीटकनाशक मिळून दोन बाटल्या विकल्या.

तो व्हायरस नव्हे. 2,4-डी रुंद पानांना मारतं म्हणून गाजर गवतावर चालतं हे खरं, पण कपाशी त्याला इतकी हळवी आहे की वाऱ्याने उडालेला तुषारही पुरतो. द्राक्ष, टोमॅटो, तूर यांचंही तेच. एस्टर प्रकारातलं तर फवारल्यानंतर वाफ होऊनही जातं. ज्वारी, मका, उसात त्याची जागा आहे. कपाशीच्या, भाजीपाल्याच्या, बागेच्या शेजारी ते उघडायचंच नाही. वारा नसला तरी नाही. दुकानदार ‘काही होत नाही’ म्हणाला तरी नाही. कपाशीला फटका हलका असेल तर पुढची पाने हळूहळू सरळ येतात, पाणी आणि खताची नेहमीची काळजी घ्या आणि वाट बघा. कोणतंही टॉनिक 2,4-डी बाहेर काढत नाही. दुसरं म्हणजे तणनाशकाचा पंप वेगळा ठेवा. त्याच पंपाने पुढे कपाशीवर मावा-तुडतुड्याचं औषध मारून शेत वाकडं केलेले निदान डझनभर शेतकरी मी बघितलेत. सगळे सांगतात, ‘पंप धुतला होता.’ पंपावर लाल रंगाचा पट्टा मारा आणि तो कपाशीला लावूच नका.

चौथा प्रश्न ग्लायफोसेट या तणनाशकाचा: कपाशीच्या ओळीत पंपाच्या तोंडाला टोप लावून मारू का? नका. ते औषध चहाचे मळे आणि बिगरपिकाच्या जागेसाठी नोंदलेलं आहे, आणि ऑक्टोबर 2022 मध्ये केंद्राने अधिसूचना काढून ते फक्त कीडनियंत्रण चालकांमार्फत, म्हणजे पेस्ट कंट्रोलवाल्यांकडूनच, वापरायचं ठरवलं. ‘ही कपाशी तणनाशक सहन करते, बिनधास्त मारा’ म्हणून कुणी बिनबिलाचं पाकीट देत असेल तर त्या बियाण्याला देशात परवानगी नाही, उगवलं नाही तर तक्रार कुणाकडे करणार? पडीक जागेत रीतसर फवारणी करून घेतलीत तरी वेळ चुकवू नका. झाड जमिनीला चिकटून पानांचं चाक करून बसलेलं असतं, तेव्हा मारलं तर मरतं. फुलावर आल्यावर मारणं म्हणजे मेलेल्या झाडावरून बी गोळा करणं. गढूळ पाणी घेतलंत तर औषध मातीलाच चिकटून निकामी होतं. मात्रा वाढवली की पान आधी करपतं आणि औषध मुळाकडे उतरतच नाही. हरळीवर हा प्रकार दरवर्षी दिसतो, वरून जळालेली आणि महिन्याने पुन्हा हिरवी.

मिठाचं विचारलंय बऱ्याच जणांनी, मोबाईलवर फिरतंय म्हणून. पंधरा ते वीस टक्के मिठाचं द्रावण, म्हणजे दहा लिटर पाण्यात दीड-दोन किलो मीठ, कोवळ्या झाडावर मारलं तर झाड वाळतं. रस्त्याच्या कडेला, अंगणाबाहेर ठीक. शेतात आणि बांधावर नाही. क्षारपड जमीन सुधारायला किती वर्षं जातात ते ऊसवाल्यांना विचारा.

आता मी काय सांगतो ते ऐका, आणि हे मी दरवर्षी सांगतो: टाकळा लावा. विदर्भात ज्याला तरोटा म्हणतात तोच. पडीक, गायरान, रस्त्याची कड, शाळेची मागची बाजू, जिथे जिथे गाजर गवत राज्य करतं तिथे टाकळ्याचं बी फेका. शेंगा ऑक्टोबर-नोव्हेंबरात वाळतात, तेव्हा पोरांना लावून गोळा करा आणि एप्रिल-मे मध्ये, पहिल्या पावसाआधी दाट विस्कटा. टाकळा लवकर उगवतो, सावली धरतो आणि गाजर गवताच्या रोपांना डोकं वर काढू देत नाही. पहिल्या वर्षी निम्मंच काम होतं, दुसऱ्या-तिसऱ्या वर्षी पट्टा बदललेला दिसतो. टाकळाही तणच आहे, सोयाबीनमध्ये तो मलाही नको, म्हणून पिकाच्या बांधाला लावू नका. पण त्याने कुणाच्या अंगाला खाज सुटत नाही, आणि कोवळ्या पानांची भाजी होते ती वेगळीच. त्याची बाटली येत नाही, म्हणून दुकानात कुणी त्याचं नाव काढत नाही.

उपटलेल्या गाजर गवताचं खत होतं, पण फक्त फुलावर येण्याआधीच्या. एका झाडाला दहा ते पंचवीस हजार बिया होतात, त्यांना झोप म्हणून नसते, ओल मिळाली की उगवतात, वर्षात तीन-चार पिढ्या होतात. बी धरलेलं झाड उकिरड्यावर टाकलंत की पुढच्या वर्षी शेणखताच्या गाडीतून ते सगळ्या रानात पोचलंच समजा. बी धरलेलं वाळवून एका जागी जाळा, धुराच्या बाजूला उभे राहू नका.

सूर्यफूल, भुईमूगवाल्यांसाठी एक जादा ओळ: या तणावर तंबाखू स्ट्रीक विषाणू राहतो आणि झाडावर काही लक्षण दिसत नाही. फुलकिडे त्याचा पराग घेऊन पिकावर येतात, आणि सूर्यफुलाचा शेंडा करपतो. नुसतं फुलकिड्याचं औषध मारत बसाल आणि बांधावर काँग्रेस फुललेलं ठेवाल, तर पैसे बांधावरच ओतताय.

खाज. निंदणीला जाणाऱ्या बायांच्या कोपराच्या वळणात, मानेवर, पापण्यांवर ती पहिल्यांदा उठते. कातडी लाल होऊन जाड होते, वर्षागणिक वाढते आणि मग नुसत्या उभ्या फुलोऱ्याशेजारून गेलं तरी डोळे सुजतात. एकदा असं झालेल्या ताईला पुन्हा त्या रानात पाठवू नका, हातमोजे देऊनही नाही. बाकीच्यांनी पूर्ण बाह्या, हातमोजे, तोंडाला रुमाल. मेडिकलमधून मलम आणून महिनोन्महिने चोळू नका, त्वचेच्या डॉक्टरला दाखवा. म्हशीने खाल्लं तर दूध कडवट येतं. चारा कमी असताना जास्त खाल्लं तर कातडीवर जखमाही होतात.

मेक्सिकन भुंग्याचं, म्हणजे गाजर गवताची पानं खाणाऱ्या किड्याचं, विचारणाऱ्यांना: मिळतो, चालतो. 1983-84 च्या सुमारास मेक्सिकोहून बंगळूरला आणलेला आहे. फिकट अंगावर तपकिरी वाकड्या रेषा, हरभऱ्याच्या दाण्याएवढा. एका ठिकाणी पाचशे ते हजार सोडा, पावसाळ्यात पानं चाळणी करतो, हिवाळ्यात जमिनीत जातो. सूर्यफुलावर पडतो ही भीती नव्वदच्या दशकात उठली होती, तसं नुकसान दिसलं नाही. त्या पट्ट्यात कीटकनाशक मारू नका म्हणजे झालं.

योजनांचं थोडक्यात: भुंग्यासाठी कृषी विज्ञान केंद्रात किंवा जबलपूरच्या तण संशोधन संचालनालयाकडे विचारा, पॉवर वीडरच्या अनुदानाचा अर्ज महाडीबीटीवर, फार्मर आयडी लागतो, कंपोस्ट खताचं नाडेप टाकं रोजगार हमीतून. कागदं ग्रामपंचायतीत आणि कृषी सहाय्यकाकडे.

गाजर गवत जागृती सप्ताह 16 ते 22 ऑगस्टला असतो. आम्ही बॅनर लावून येऊ, चार झाडं उपटू, फोटो काढू. तुम्ही तोवर थांबू नका. जूनच्या पावसावर उगवलेलं झाड तेव्हा फुलून बी धरायला लागलेलं असतं. ज्यांच्या बांधावर आज चाक करून बसलेली रोपं आहेत, त्यांनी उद्या सकाळी ओल असेपर्यंत जावं.