आर्किटेक्चर अर्धवट सोडून नट व्हायचं म्हणतोय

सप्रेम नमस्कार ताई,

तुमचा मुलगा बी.आर्क.च्या तिसऱ्या वर्षाला आहे. ‘सिंदबाद’ हा हंगेरियन सिनेमा पाहिल्यापासून तो म्हणतोय, “त्यातला नायक झोल्तान लातिनोविचही आर्किटेक्टच होता, मी कॉलेज सोडतो.” त्याची निवड उत्तम आहे, पण हे चरित्र त्याने अर्धंच वाचलंय.

लातिनोविच यांचा जन्म 1931 चा, बुडापेस्टचा. घराणं उच्चवर्गीय, त्यामुळे तेव्हाच्या कम्युनिस्ट राजवटीत त्यांना विद्यापीठात लगेच प्रवेश मिळाला नाही. तेव्हा त्यांनी सुतारकाम शिकलं, पूल बांधणाऱ्या कंपनीत काम केलं. पुढे आर्किटेक्चरला प्रवेश मिळाल्यावर शिकता शिकताच अभिनयाचे धडे घेतले आणि 1956 मध्ये पदवी पूर्ण केली. मगच ते देब्रेत्सेन या हंगेरियन शहरातल्या नाट्यगृहात रुजू झाले. नाट्यशाळेचा डिप्लोमा त्यांच्याकडे नव्हता. ती उणीव देब्रेत्सेन आणि मिश्कोल्त्स या शहरांतल्या रंगमंचावर भरून निघाली. बुडापेस्टचं वीगसिनहाझ हे नाट्यगृह मिळालं ते 1962 मध्ये, आणि दिग्दर्शक मिक्लोश यांचो यांच्या सिनेमातली मोठी भूमिका 1963 मध्ये.

मुलाला एक फरक नक्की सांगा. तिथली नाट्यगृहं सरकारी होती, नटाला महिन्याचा पगार मिळायचा. आपल्याकडे प्रयोग झाला तरच नाइट, म्हणजे त्या प्रयोगाचं मानधन, मिळते, तालमीच्या महिन्यांत बहुतेकदा काहीच नाही. त्यामुळे हातातली पदवी इथे जास्तच कामाची.

शिवाय कॉलेज सोडलं तर अभिनयाचीच दारं बंद होतात. पुरुषोत्तम करंडक, फिरोदिया या स्पर्धा कॉलेजच्या विद्यार्थ्यांसाठी आहेत. राष्ट्रीय नाट्य विद्यालयाला पदवी लागते, शिवाय किमान सहा नाट्यप्रयोगांतल्या सहभागाचे पुरावे. पुण्याच्या एफटीआयआय या चित्रपट संस्थेच्या अभिनय अभ्यासक्रमालाही पदवी हवी. दरवर्षीची जाहिरात नीट वाचा, कारण वयाची अट बदलू शकते. प्रमाणपत्रं आणि नाव छापलेली पत्रकं आजपासून एका फाइलमध्ये ठेवायला सांगा. ऐन वेळी ती सापडत नाहीत आणि अर्ज तिथेच अडतो.

राहिला सराव. ‘सिंदबाद’मधला हॉटेलचा प्रसंग त्याने आवाज बंद करून पुन्हा पाहावा. लातिनोविच हाडातला मगज टोस्टवर काढून खातात, शेजारी उभा वेटर आपली कहाणी सांगतो. खाणं आणि ऐकणं एकाच वेळी चालू आहे, आणि दोन्ही खरं वाटतं. (त्यांचे आजोबा कारोय गुंडेल हे बुडापेस्टचे नामवंत हॉटेलवाले.) मुलाने घरात अशीच एक कृती, समजा भाकरी खाणं, समोरच्याचं बोलणं ऐकत तीन मिनिटं करावी आणि मोबाइलवर एकाच शॉटमध्ये टिपावी. नवखे नट बहुतेकदा इथेच घसरतात: ऐकताना हात थांबतात, किंवा हातांकडे लक्ष गेलं की चेहरा कोरा पडतो. लातिनोविच कवितावाचनासाठीही प्रसिद्ध होते, म्हणून रोज अर्धा तास मोठ्याने कविता वाचन हवंच.

आणखी एक, हे मी कळकळीने लिहितोय. लातिनोविच मानसिक आजाराशी झगडत होते आणि 1976 मध्ये 44 व्या वर्षीच गेले. त्या दुखण्याला प्रतिभेचं लक्षण मानणारे लोक भेटतील, मुलाला तसं मानू देऊ नका. झोप उडाली, तो गप्प गप्प राहू लागला, तर लगेच डॉक्टरांना दाखवा.

या सत्रात त्याने कॉलेजच्या एकांकिकेच्या निवड चाचणीला जावं. भूमिका मिळाली नाही, तर नेपथ्य मागून घ्यावं. प्लॅन काढता येणाऱ्याला ते काम सहज मिळतं आणि रोजच्या तालमीला बसता येतं.