पाहुण्यांसाठी रिकामे केलेले गाव

प्रश्न : युद्धोत्तर पूर्व जर्मनीत परदेशी नेता येणार असला की रहिवाशांना घरात बसवून रस्त्यावर सरकारी माणसेच नागरिक म्हणून उभी केली जात, असे वाचले. हे खरे आहे का? पाहुण्यांना ते कळत नसे का?
– एक वाचक, सांगली

उत्तर : होय, ग्युस्ट्रो या गावी १३ डिसेंबर १९८१ रोजी असेच घडले. पाहुणे होते पश्चिम जर्मनीचे चान्सलर हेल्मुट श्मिट. (पश्चिम जर्मनीला परकीय देश मानावे हा पूर्वेचा आग्रह होता, पश्चिमेने तो कधीच मान्य केला नाही.)

या बंदोबस्ताचे मूळ एरफुर्ट शहरात आहे. १९ मार्च १९७० रोजी चान्सलर विली ब्रांट तेथे पूर्वेचे पंतप्रधान विली श्टोफ यांना भेटायला आले, तेव्हा लोकांनी पोलिसांचे कडे तोडून हॉटेलसमोरचा चौक भरून टाकला आणि ‘विली ब्रांट, खिडकीत या’ असा घोष केला. दोघांचेही नाव विली असल्यामुळे आडनाव उच्चारणे त्यांना आवश्यक वाटले होते! त्या घोषाने सरकार हादरले.

म्हणून अकरा वर्षांनी ग्युस्ट्रोमध्ये रहिवाशांना घरातच थांबण्याची ताकीद मिळाली, संशयितांवर पाळत बसली आणि नाताळच्या बाजारात साध्या वेशातील पोलिस व ‘श्टासी’ या गुप्तचर यंत्रणेची माणसे गिऱ्हाईक बनून फिरली. पाहुणे येणार म्हणून घर आवरणे कोणीही समजू शकेल. येथे मात्र घरातली माणसेच आवरून ठेवली गेली, आणि मला या प्रकरणातील सर्वांत क्लेशकारक गोष्ट हीच वाटते.

श्मिट यांना ग्युस्ट्रोला यायचे होते ते शिल्पकार एर्न्स्ट बारलाख यांच्यासाठी. पहिल्या महायुद्धातील मृतांच्या स्मरणार्थ बारलाख यांनी घडवलेला तरंगता देवदूत नाझींनी १९३७ मध्ये तेथील कॅथेड्रलमधून काढला आणि पुढे वितळवला. आज तेथे आहे ती १९५३ मध्ये बसवलेली, पश्चिमेतील कोलोन शहराच्या प्रतीवरून ओतलेली मूर्ती. ज्या शिल्पाने फाळणी ओलांडली, त्याच्याच गावात दोन्हीकडच्या जर्मनांना एकमेकांशी बोलू दिले गेले नाही.

पाहुण्यांना हे कळत होते. श्मिट यांच्याबरोबर आलेल्या पश्चिमेच्या पत्रकारांनी तो बंदोबस्त पाहिला आणि जगाला सांगितला. पूर्व जर्मनीच्या बहुतेक भागांत पश्चिमेचे दूरदर्शन दिसत असल्यामुळे, ज्यांच्या नावाने तो देखावा उभा केला होता, त्यांनाही तो घरबसल्या पाहता आला.