घर जप्तीच्या नोटिशीविरुद्ध थेट कर्नाटक उच्च न्यायालयाच्या धारवाड खंडपीठात रिट (उच्च न्यायालयाकडे थेट दाद मागणारी याचिका) करता येईल का?

करता येईल, पण बहुतेक वेळा ‘आधी डीआरटीकडे (कर्जवसुली न्यायाधिकरणाकडे) जा’ असं सांगून ती फेटाळली जाते, आणि तोवर तुमची मुदत संपत येते. सरफेसी कायद्याच्या (थकलेल्या कर्जापोटी बँकेला कोर्टात न जाता तारण ताब्यात घेऊ देणारा कायदा) कलम १७ नुसार बँकेने ताब्याचं पाऊल उचलल्यापासून ४५ दिवसांत कर्जवसुली न्यायाधिकरणाकडे अर्ज करायचा असतो. असा पुरेसा मार्ग कायद्यात असताना उच्च न्यायालयाने रिटमध्ये पडू नये, हे सर्वोच्च न्यायालयाने २०१० च्या सत्यवती टंडन खटल्यात स्पष्ट केलंय. दिवाणी दावाही चालत नाही, कलम ३४ आड येतं.

बेळगाव, खानापूर, निपाणीच्या माणसाला धारवाड जवळ आणि बंगळुरूचं न्यायाधिकरण लांब, ही अडचण खरी आहे; पण अंतर हे रिटचं कारण होत नाही. दारावर चिकटवलेली नोटीस कन्नडमध्ये आहे म्हणून बाजूला ठेवू नका, त्यावरची तारीख आजच वाचून घ्या. नुसती ‘६० दिवसांत थकबाकी भरा’ अशी मागणी नोटीस आली असेल तर बँकेला लेखी हरकत द्या. बँकेने १५ दिवसांत उत्तर द्यायचं असतं.

अपवाद आहेत: तारण शेतजमीन असेल (कलम ३१), किंवा वसुली करणारी बँक नसून साधी पतसंस्था असेल, तर मुळात हा कायदाच लागू होत नाही. तिथे अधिकारक्षेत्राच्या मुद्द्यावर रिट टिकू शकते. सहकारी बँकांना मात्र सर्वोच्च न्यायालयाच्या २०२० च्या निकालानंतर हा कायदा लागू आहे.