मुलगा नऊ वर्षांचा आहे. नागपुरात राहून बुद्धिबळाचा ग्रँडमास्टर होता येतं का?

तुमचं म्हणणं थोडक्यात असं: मुलाची रेटिंग (खेळाच्या ताकदीचा आकडा) १४८०, नागपूरची दिव्या देशमुख बुद्धिबळाचा महिला विश्वचषक जिंकली तेव्हापासून त्याला ग्रँडमास्टरच, म्हणजे या खेळातला सर्वांत मोठा किताबच, मिळवायचाय, तर चेन्नईला बिऱ्हाड हलवावं का, शाळा सोडवावी का, आणि यात पुढे पोट भरतं का. मी नागपूरचाच. इथल्या स्पर्धांमध्ये आर्बिटर, म्हणजे पंच, म्हणून बसतो, त्यामुळे हा प्रश्न हॉलबाहेरच्या खुर्च्यांवर बसलेल्या आईवडिलांकडून नेहमी ऐकतो.

बिऱ्हाड हलवू नका. निदान आत्ता तरी नाही.

आपल्याच गावातली दोन पोरं बघा. दिव्याचा जन्म ९ डिसेंबर २००५ चा, रौनक साधवानीचा २२ डिसेंबर २००५ चा. एक गाव, एक महिना, तेरा दिवसांचं अंतर. रौनक २०१९ मध्ये, चौदा पूर्ण व्हायच्या आतच, भारताचा ६५वा ग्रँडमास्टर झाला. दिव्याला तोच किताब २०२५ मध्ये मिळाला, ८८वी म्हणून. म्हणजे सहा वर्षं मागे. आता गंमत बघा, रौनकची रेटिंग २६०० च्या वर, २०२२ च्या महाबलीपुरमच्या ऑलिंपियाडमध्ये कांस्य मिळवणाऱ्या भारतीय संघात तो होता, २०२३ मध्ये वीस वर्षांखालच्या रॅपिडचा, म्हणजे कमी वेळाच्या डावांचा, जगज्जेता झाला. पण धरमपेठेत दहा जणांना विचारा, दिव्याचं नाव दहाही सांगतील, रौनकचं किती सांगतील मला शंका आहे. सांगायचं इतकंच की कोणत्या वयात किताब, याचं वेळापत्रक घरच्या भिंतीवर लावू नका.

आता हा किताब मिळतो कसा ते समजून घ्या, कारण चेन्नईचं उत्तर त्यातच आहे. लागतात तीन नॉर्म. एक नॉर्म म्हणजे साधारण नऊ फेऱ्यांची क्लासिकल, म्हणजे लांब वेळेच्या डावांची, स्पर्धा, त्यात तुमचा खेळ २६०० रेटिंगच्या तोडीचा, समोर आलेल्यांपैकी किमान एक-तृतीयांश ग्रँडमास्टर, समोरच्यांची सरासरी २३८० तरी, आणि सगळे आपल्याच देशाचे चालत नाहीत, परदेशी हवेत. असे तिन्ही मिळून २७ डाव, आणि वर कधीतरी एकदा रेटिंग २५०० ला शिवली पाहिजे. एवढे ग्रँडमास्टर आणि एवढे परदेशी एका हॉलमध्ये जमतात कुठे? मुख्यतः युरोपात. संकल्प गुप्ता, तोही आपल्या नागपूरचा, २०२१ मध्ये सर्बियातल्या आरांजेलोवाट्सला जाऊन बसला, लागोपाठ तीन स्पर्धा खेळला आणि २४ दिवसांत तिन्ही नॉर्म घेऊन ७१वा ग्रँडमास्टर झाला. रौनकचा किताब पूर्ण झाला तो आइल ऑफ मॅनवर. चेन्नईच्या पोरांनाही विमानाचं तिकीट काढावंच लागतं. तिथे सरावाला तगडे सोबती जास्त मिळतात, हे खरं. पण ती गरज २००० रेटिंगच्या पुढे पडते. तोवर उन्हाळ्याच्या सुट्टीत जीटी एक्सप्रेस धरून शिबिराला जाऊन यावं.

दिव्याचं प्रकरण याहून निराळं, आणि तुमच्या मुलाने डोक्यात घेतलंय ते नेमकं तेच. तिच्याकडे ग्रँडमास्टरचा एकही नॉर्म नव्हता. रेटिंगही २५०० च्या खाली. महिला विश्वचषक जिंकणारीला किताब थेट मिळतो, असा फिडेचा, म्हणजे जागतिक बुद्धिबळ महासंघाचा, नियम आहे, आणि ती जॉर्जियातल्या बातुमीला त्या विश्वचषकात १५वं मानांकन घेऊन उतरली होती. तिने हरवलं ते झू जिनर, मग हरिका, मग माजी जगज्जेती तान झोंगयी, आणि अंतिम फेरीत कोनेरू हंपी. हंपी २००२ मध्ये ग्रँडमास्टर झाली तेव्हा दिव्या जन्मलीही नव्हती! क्लासिकलचे दोन्ही डाव बरोबरीत, रॅपिडचा पहिला बरोबरीत, दुसरा दिव्याने काळ्या मोहऱ्यांनी काढला. पण हा आडवाट काढून मारलेला शिक्का नव्हे राजेहो. त्याआधी २०२३ चं आशियाई विजेतेपद, २०२४ मध्ये गांधीनगरला ज्युनियर जगज्जेतेपद ११ पैकी १० गुणांनी, बुडापेस्टच्या ऑलिंपियाडमध्ये संघाचं सुवर्ण आणि तिसऱ्या पटावर स्वतःचं सुवर्ण. एवढं सगळं असूनही नॉर्म शून्य. नॉर्मच्या मागे न धावता नुसतं खेळत राहिलं तरी दार उघडतं, असं मी मुलींच्या पालकांना हल्ली सांगतो. मुलांसाठी मात्र बहुधा संकल्पचाच रस्ता आहे.

१४८० बद्दल थोडं कडू बोलतो. मार्च २०२४ पासून फिडेची यादी सुरूच होते १४०० पासून. म्हणजे तुमचा मुलगा पहिल्या पायरीवर आहे, आणि नवव्या वर्षी तिथे असणं अगदी छान आहे. अठरा वर्षांखालच्यांना २३०० पर्यंत के-फॅक्टर, म्हणजे एका डावाने रेटिंग किती हलते ते ठरवणारा आकडा, ४० असतो, त्यामुळे एका वाईट स्पर्धेत शंभर गुण उडतात आणि पुढच्या महिन्यात परतही येतात. दर पहिल्या तारखेला यादी उघडून रडारड करणारे बाप मी पाहिलेत. पोरगा हॉलबाहेर आला की पहिला प्रश्न “जिंकला का?” हा नको. स्कोअरशीट, म्हणजे डावाच्या चाली लिहिलेला कागद, मागा. हरलेला डाव त्याच संध्याकाळी तो आपणहून पटावर लावतो का, हे बघा. लावत असेल तर त्याच्यावर पैसा घाला. प्रशिक्षक निवडतानाही हाच निकष: पोराचे स्वतःचे डाव तपासतो, की ओपनिंगच्या, म्हणजे डावाच्या सुरुवातीच्या, चाली घोकून घेतो? घोकलेलं बाराव्या चालीला संपतं, मग पोट्टा छताकडे बघत बसतो.

पैशाचं. विश्वचषकाचे दिव्याला ५० हजार डॉलर मिळाले, राज्य सरकारने ३ कोटी दिले. ते शिखरावरचं झालं. खाली उतरलं की नुसत्या बक्षिसांवर घर चालवणारे फार थोडे. बाकीचे युरोपातल्या लीग खेळतात, शिकवतात, नोकरी करतात. बुद्धिबळपटूंना रेल्वे घेते, तेल कंपन्या घेतात. हंपी स्वतः ओएनजीसीत आहे. राज्याच्या सरकारी नोकऱ्यांत खेळाडूंना पाच टक्के आरक्षण आहे, पण त्यासाठी ठरावीक स्पर्धांतली पदकं लागतात, जिल्ह्याच्या ढाली चालत नाहीत. शिकवण्याच्या धंद्याला मी कमी लेखत नाही. अमरावतीचा स्वप्निल धोपाडे विदर्भातला पहिला ग्रँडमास्टर, आणि पुढे त्यानेच रौनकला शिकवलं. खर्च मात्र आधी होतो, कमाई आली तर फार नंतर, हे मनाशी धरून बसा.

शाळेचं म्हणाल तर चौथीतल्या पोराला शाळा सोडवून दिवसभर करायला काय देणार? तीन तास मन लावून बसला तरी या वयाला पुष्कळ झालं. दहावीच्या आसपास रेटिंग २३०० च्या पुढे असेल तेव्हा हा प्रश्न पुन्हा विचारा, तेव्हा माझं उत्तर कदाचित वेगळं असेल.